विरोधी बाकांवरचा वर्धा

वर्ध्याला लागून असलेल्या टेकड्यांवर महात्मा गांधी आंतरराष्ट्रीय हिंदी विश्वविद्यालय उभं आहे. असं विद्यापीठ वर्ध्यात व्हावं ही मागणी जानेवारी १९७५ मध्ये नागपूरला भरलेल्या पहिल्या विश्व हिंदी संमेलनातून पुढे आली. पुढे १९८० मध्ये इंदिरा गांधींना आणि १९८४ मध्ये राजीव गांधींना प्रचंड बहुमत मिळालं. दोन्ही वेळा वर्ध्याचा खासदार सत्ताधारी पक्षाचा होता आणि केंद्रात मंत्रीही होता. तरी विद्यापीठाचा कायदा झाला नाही. तो झाला अकराव्या लोकसभेच्या काळात. त्या लोकसभेत कुठल्याच पक्षाला बहुमत नव्हतं आणि सरकार तेरा पक्षांच्या आघाडीचं होतं. त्या सभागृहानं मंजूर केलेला हा कायदा १९९७ सालचा ३ क्रमांकाचा अधिनियम म्हणून नोंदला गेला. विद्यापीठाची स्थापना झाली २९ डिसेंबर १९९७ रोजी. त्या दिवशी देशात लोकसभाच नव्हती, कारण ४ डिसेंबरला ती विसर्जित झाली होती.

बहुमत नसलेली लोकसभा काय करू शकते आणि तिला काय जमत नाही, हे या एका उदाहरणात दिसतं. तिला कायदे करता येतात, कधीकधी बहुमतवाल्या सभागृहांनी वर्षानुवर्षं बाजूला ठेवलेले कायदेसुद्धा. पण स्वतःचं आयुष्य पुरं करण्याची खात्री तिला देता येत नाही.

लोकसभेच्या जागा ५४३. निम्म्याहून जास्त म्हणजे किमान २७२. एका पक्षाला एवढ्या जागा मिळाल्या नाहीत की आपण सभागृहाला त्रिशंकू म्हणतो. १९८९ ते २००९ या काळात निवडून आलेल्या सात लोकसभा, म्हणजे नववी ते पंधरावी, अशाच होत्या. पंचवीस वर्षं देशात कुणालाही एकहाती बहुमत मिळालं नाही. २०१४ आणि २०१९ मध्ये भारतीय जनता पक्षानं ते मिळवलं. २०२४ मध्ये तो २४० वर थांबला आणि आपण पुन्हा त्याच वाटेवर आलो. ज्या वाचकांनी १९९६ नंतरचे दिवस पाहिलेले नाहीत, त्यांच्यासाठी या वाटेवरचे खाचखळगे समजून घेणं गरजेचं आहे. त्यासाठी वर्ध्याइतका चांगला मतदारसंघ मला दुसरा दिसत नाही.

कारण वर्ध्याचा हिशेब विलक्षण आहे. वर्धा जिल्ह्यातले वर्धा, देवळी, हिंगणघाट आणि आर्वी आणि अमरावती जिल्ह्यातले धामणगाव रेल्वे आणि मोर्शी, असे सहा विधानसभा मतदारसंघ मिळून आजचा हा लोकसभा मतदारसंघ होतो. १९८९ मध्ये इथून काँग्रेसचे वसंत साठे निवडून आले आणि दिल्लीत सरकार जनता दलाच्या विश्वनाथ प्रताप सिंहांचं झालं. १९९१ मध्ये मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाचे रामचंद्र घंगारे आले, सरकार काँग्रेसचं. १९९६ मध्ये भाजपचे विजय मुडे आले, सरकार संयुक्त आघाडीचं. १९९८ मध्ये काँग्रेसचे दत्ता मेघे आणि १९९९ मध्ये काँग्रेसच्याच प्रभा राव आल्या, तेव्हा दोन्ही वेळा सरकार अटलबिहारी वाजपेयींचं. २००४ मध्ये भाजपचे सुरेश वाघमारे आले, तर सरकार मनमोहनसिंगांचं. वाजपेयींचे १९९६ चे तेरा दिवस सोडले, तर सलग सहा लोकसभांत वर्ध्याचा खासदार मंत्रिमंडळाच्या समोरच्या बाजूला बसला. २००९ मध्ये दत्ता मेघे पुन्हा आले तेव्हा कुठे ही साखळी तुटली. २०१४ आणि २०१९ मध्ये भाजपचे रामदास तडस निवडून आले, म्हणजे बहुमताच्या काळात वर्धा सत्तेसोबत होता. आणि २०२४ मध्ये, लोकसभा पुन्हा त्रिशंकू होताच, वर्ध्यानं शरद पवारांच्या राष्ट्रवादीचे अमर काळे यांना ८१ हजारांहून अधिक मताधिक्यानं पाठवलं, पुन्हा विरोधी बाकांवर.

यामागे काही योजना होती असं मी म्हणणार नाही. मतदार सरकार निवडायला जातो आणि खासदार निवडून परत येतो. देशभराची बेरीज काय होईल ते त्याच्या हातात नसतं. पण या योगायोगामुळे वर्ध्याला एक गोष्ट जवळून पाहता आली. आपला माणूस सत्तेत नसताना त्रिशंकू लोकसभा आपल्या पदरात काय टाकते, हा प्रश्न दुसऱ्या कुठल्याही जिल्ह्यापेक्षा इथे जास्त वेळा विचारला गेला असेल.

पक्षांच्या या बेरीज-वजाबाकीवर वर्ध्याचा विश्वास पूर्वीपासून थोडा कमीच. इथले पहिले खासदार श्रीमन्नारायण अग्रवाल. वर्ध्यातल्या वाणिज्य महाविद्यालयाचे ते प्राचार्य होते आणि जमनालाल बजाज यांचे जावई. १९४६ मध्ये त्यांनी गांधीविचारांवर उभ्या असलेल्या राज्यघटनेचा एक आराखडा प्रसिद्ध केला होता आणि त्याला खुद्द गांधीजींची प्रस्तावना होती. ग्रामपंचायत हा पाया, तिनं वरच्या पंचायतीसाठी प्रतिनिधी निवडायचे, त्यांनी त्याच्या वरच्या पंचायतीसाठी, अशी ती रचना होती. दिल्लीतल्या पक्षाच्या बहुमताला त्यात फारसं स्थानच नव्हतं. संविधान सभेनं तो मार्ग घेतला नाही, ब्रिटिश वळणाची संसदीय पद्धत घेतली, आणि श्रीमन्नारायण १९५२ मध्ये त्याच पद्धतीनं निवडून आलेल्या सभागृहात जाऊन बसले. त्यांच्यानंतर ही जागा सलग तीन वेळा जमनालालजींचे पुत्र कमलनयन बजाज यांच्याकडे होती. त्या निवडणुकांत बहुमताचा प्रश्न कुणाला पडतच नव्हता.

वसंत साठे १९८०, १९८४ आणि १९८९ असे तीनदा वर्ध्याहून निवडून आले. ते माहिती आणि नभोवाणी मंत्री असताना देशात रंगीत दूरदर्शन आलं, ही त्यांची लोकांच्या लक्षात राहिलेली ओळख. पण त्यांचं खरं वेड वेगळं होतं. भारतानं अध्यक्षीय पद्धत स्वीकारावी, राष्ट्राचा प्रमुख जनतेनं थेट निवडावा आणि त्याची खुर्ची रोजच्या बहुमतावर टांगलेली नसावी, असं ते ऐंशीच्या दशकापासून मांडत आले. स्वतःच्या पक्षाला चारशेच्या वर जागा असताना हा विचार मांडायला धाडस लागतं. १९८९ मध्ये काँग्रेस १९७ वर आली, जनता दलाला १४३ जागा मिळाल्या, भाजपला ८५. साठेंनी ज्याची चिंता केली होती ते त्यांच्याच डोळ्यांसमोर उभं राहिलं.

त्या नवव्या लोकसभेत पहिल्यांदा काही प्रथा बसल्या. राष्ट्रपती रामस्वामी वेंकटरमण यांनी आधी सर्वांत मोठ्या पक्षाच्या नेत्याला, राजीव गांधींना, विचारलं. त्यांनी नकार दिला. मग विश्वनाथ प्रताप सिंहांना पाचारण झालं. त्यांना एका बाजूनं भाजपचा आणि दुसऱ्या बाजूनं डाव्यांचा पाठिंबा होता, तोही बाहेरून. म्हणजे मंत्रिपद घ्यायचं नाही, जबाबदारी घ्यायची नाही, पण मतदानाच्या वेळी हात वर करायचा. रथयात्रेवरून भाजपनं पाठिंबा काढला आणि ७ नोव्हेंबर १९९० रोजी सिंहांच्या बाजूनं १४२, विरोधात ३४६ मतं पडली. मग चंद्रशेखर आले, जनता दलातून फुटलेल्या मूठभर खासदारांच्या जोरावर आणि काँग्रेसच्या बाहेरच्या पाठिंब्यावर. मार्च १९९१ मध्ये त्यांनीही राजीनामा दिला. ती लोकसभा जेमतेम पंधरा महिने जगली. देशाची परकीय गंगाजळी आटत होती आणि पूर्ण अर्थसंकल्प मांडायलाही सरकारजवळ बळ नव्हतं. त्या वर्षी सोनं परदेशात पाठवून कर्ज उचलावं लागलं. आर्थिक संकटाची कारणं जुनी आणि खोल होती हे खरं, पण निर्णय घेऊ शकणारं सरकार नसणं हे त्यातलं एक होतं.

१९९१ च्या निवडणुकीत वर्ध्यानं साठेंना घरी बसवलं आणि रामचंद्र घंगारेंना दिल्लीला पाठवलं. महाराष्ट्रातल्या ४८ जागांपैकी ३८ काँग्रेसनं जिंकल्या होत्या. मार्क्सवाद्यांना मिळालेली एकमेव जागा गांधी-विनोबांच्या या जिल्ह्यातली होती. देशात मात्र काँग्रेस बहुमताच्या अलीकडेच अडकली आणि पंतप्रधान झाले पी. व्ही. नरसिंह राव. त्यांची विदर्भाला ओळख करून द्यायला नको. १९८४ आणि १९८९ मध्ये ते शेजारच्या रामटेकचे खासदार होते. मराठी उत्तम जाणत, हरि नारायण आपट्यांच्या ‘पण लक्षांत कोण घेतो’ या कादंबरीचा तेलुगू अनुवादही त्यांनी केला होता. ‘आता लक्षात कोण घेणार’ असं वाटावं अशा स्थितीत त्यांनी सरकार सुरू केलं आणि पाच वर्षं चालवलं.

या दहाव्या लोकसभेवर जरा थांबायला हवं. रावांना बाहेरून पाठिंब्याचं पत्र देणारं कुणी नव्हतं. त्यांना फक्त एवढंच सांभाळायचं होतं, की उजवे, डावे आणि जनता दल हे तिघं एकाच दिवशी एकाच बाजूनं मत देणार नाहीत. लायसन्स-परमिटची पद्धत मोडली ती या सरकारनं. पंचायत राज आणि नगरपालिकांना घटनेत स्थान देणाऱ्या ७३ व्या आणि ७४ व्या घटनादुरुस्त्या डिसेंबर १९९२ मध्ये याच सभागृहानं मंजूर केल्या. घटनादुरुस्तीला उपस्थित राहून मतदान करणाऱ्यांची दोन तृतीयांश मतं लागतात, म्हणजे अशा सभागृहात विरोधकांचा हात लागल्याशिवाय ती होतच नाही. ग्रामपंचायतीपासून जिल्हा परिषदेपर्यंत महिलांना किमान एक तृतीयांश जागा मिळाल्या त्या या दुरुस्तीमुळे. सेलू, समुद्रपूर, कारंजा, आष्टी या तालुक्यांत ज्या बायका त्यानंतर सरपंच झाल्या, त्यांच्या खुर्चीमागे एका बहुमत नसलेल्या लोकसभेचा कायदा आहे. श्रीमन्नारायणांच्या आराखड्यातला पंचायतीचा पाया घटनेत शिरायला ४६ वर्षं लागली.

पण याच सभागृहानं दुसरं टोकही पाहिलं. बाबरी मशीद पडली, शेअर बाजाराचा घोटाळा उघडा पडला आणि जुलै १९९३ मध्ये मार्क्सवादी पक्षाचे अजय मुखोपाध्याय यांनी अविश्वासाचा ठराव मांडला. घंगारेंच्या पक्षाचाच ठराव. मतविभागणी कशी होते ते एकदा पाहून घेऊ. सभापती विभागणी जाहीर करतात, साडेतीन मिनिटं घंटा वाजत राहते, संसद भवनात जिथे असेल तिथून सदस्य धावत येतो, मग दारं बंद होतात. प्रत्येकाच्या बाकावर बटणं असतात. बाजूनं हिरवं, विरोधात लाल, तटस्थ पिवळं. फलकावर आकडे उमटतात, कुणाचं यंत्र चाललं नसेल तर चिठ्ठीवर लिहून घेतात, आणि सभापती निकाल वाचतात. २८ जुलै १९९३ रोजी सभापती होते लातूरचे शिवराज पाटील. ठरावाच्या बाजूनं २५१, विरोधात २६५. चौदा मतांनी सरकार वाचलं.

त्या मतांपैकी काही विकत घेतली गेली होती असा आरोप नंतर झाला. झारखंड मुक्ती मोर्चाच्या खासदारांना पैसे दिल्याचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. १९९८ मध्ये न्यायालयानं असा निर्णय दिला, की पैसे घेऊन सभागृहात मत दिलेल्या सदस्याला घटनेच्या १०५ व्या कलमाचं संरक्षण आहे. राव स्वतः २००० मध्ये खालच्या न्यायालयात दोषी ठरले आणि २००२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयातून निर्दोष सुटले. ते १९९८ चं संरक्षण सात न्यायमूर्तींच्या पीठानं ४ मार्च २०२४ रोजी काढून घेतलं. लाच घेऊन दिलेलं मत हा लोकप्रतिनिधीचा विशेषाधिकार असू शकत नाही, ही साधी गोष्ट कायद्यात यायला सव्वीस वर्षं गेली. माझ्या मते त्रिशंकू सभागृहांच्या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत लाजिरवाणी जागा आहे.

डिसेंबर १९९३ मध्ये रावांनी आणखी एक गोष्ट सुरू केली: खासदार स्थानिक विकास निधी. अल्पमतातल्या सरकारनं सगळ्या पक्षांच्या खासदारांच्या हाती स्वतःच्या मतदारसंघात खर्चायला पैसे दिले, यामागे राजकारण होतं असं कुणी म्हटलं तर मी वाद घालणार नाही. पण विरोधी बाकावरच्या वर्ध्याला त्याचा उपयोग झाला, कारण आता रस्त्याच्या तुकड्यासाठी किंवा शाळेच्या खोलीसाठी खासदाराला मंत्र्याच्या दारात उभं राहावं लागत नव्हतं. खासदार शिफारस करतो, जिल्हाधिकारी अंदाजपत्रक मागवतात, तांत्रिक आणि प्रशासकीय मान्यता होते, मग काम सुरू. १९९४-९५ पासून वर्षाला एक कोटी, १९९८ पासून दोन कोटी, २०११ पासून पाच कोटी.

आता कल्पना करा, की ही फाईल अर्ध्या वाटेत आहे आणि लोकसभा विसर्जित झाली. १९९६ ते १९९९ या काळात वर्ध्यात नेमकं हेच होत होतं. विजय मुडे निवडून आले मे १९९६ मध्ये. भाजपला १६१ जागा होत्या, काँग्रेसला १४०. राष्ट्रपती शंकरदयाळ शर्मा यांनी सर्वांत मोठा पक्ष म्हणून वाजपेयींना बोलावलं आणि तेरा दिवसांत, विश्वासमताला सामोरं न जाताच, वाजपेयींनी राजीनामा दिला. १ जूनला देवेगौडा आले, काँग्रेसच्या बाहेरच्या पाठिंब्यावर. काँग्रेसनं पाठिंबा काढला, ११ एप्रिल १९९७ ला १५८ विरुद्ध २९२ मतांनी ते गेले. मग इंद्रकुमार गुजराल आले, पुन्हा काँग्रेसच्याच पाठिंब्यावर, आणि राजीव गांधींच्या हत्येची चौकशी करणाऱ्या जैन आयोगाच्या अहवालावरून तोही काढून घेतला गेला. अठरा महिन्यांत वर्ध्याच्या एका खासदारानं तीन पंतप्रधान पाहिले.

मार्च १९९८ मध्ये दत्ता मेघे लोकसभेत गेले. त्या निवडणुकीत विदर्भातल्या अकराही जागा काँग्रेस आणि रिपब्लिकन पक्षाच्या युतीनं जिंकल्या होत्या. सभागृहात विरोधी पक्षनेते होते शरद पवार. २८ मार्च १९९८ रोजी वाजपेयींनी २७४ विरुद्ध २६१ मतांनी विश्वास जिंकला. वर्षभरात सरकारातला मित्रपक्ष अण्णाद्रमुक बाहेर पडला आणि १७ एप्रिल १९९९ रोजी २६९ विरुद्ध २७० असं ते सरकार पडलं. एका मताचा हा निकाल देशाला अजून आठवतो. ओडिशाचे मुख्यमंत्री झालेले पण खासदारकी न सोडलेले गिरिधर गमांग यांनी मत द्यावं का, हा वाद अजून चालतो. मला मात्र त्या मतापेक्षा पुढच्या दहा दिवसांची गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. ज्या २७० जणांनी सरकार पाडलं, त्यांना पर्यायी सरकार बनवता आलं नाही. सभागृहानं वर्षाचा अर्थसंकल्प चर्चेविना मंजूर केला आणि २६ एप्रिलला ते विसर्जित झालं. पुढच्या महिन्यात कारगिलची लढाई पेटली. पाचशेहून अधिक जवान धारातीर्थी पडले तेव्हा सरकार काळजीवाहू होतं आणि लोकसभा अस्तित्वात नव्हती. राज्यसभेचं खास अधिवेशन बोलवा, ही विरोधकांची मागणीही मान्य झाली नाही. वर्धा जिल्ह्यातल्या पुलगावात देशातलं सर्वांत मोठं दारूगोळा भांडार आहे. त्या जिल्ह्याच्या वतीनं युद्धाविषयी सरकारला प्रश्न विचारणारा लोकसभा सदस्यच त्या उन्हाळ्यात नव्हता.

नववी, अकरावी आणि बारावी या तीन लोकसभांचं आयुष्य एकत्र केलं तरी ते चार वर्षांहून कमी भरतं. एका लोकसभेची मुदत पाच वर्षांची असते. खर्च तीन निवडणुकांचा झाला, पण मला जास्त बोचतो तो दुसरा तोटा. लोकसभा विसर्जित झाली की तिच्यापुढे असलेली सगळी विधेयकं मरतात. महिला आरक्षणाचं विधेयक सप्टेंबर १९९६ मध्ये अकराव्या लोकसभेत आलं, गीता मुखर्जींच्या समितीनं त्यावर मन लावून काम केलं आणि सभागृहासोबत ते गेलं. बाराव्या लोकसभेत पुन्हा मांडलं, पुन्हा गेलं. तेराव्यातही तेच. राज्यसभेत मांडलेलं आणि तिथेच पडून असलेलं विधेयक मरत नाही, म्हणून २००८ मध्ये ते मुद्दाम राज्यसभेत मांडलं. मार्च २०१० मध्ये राज्यसभेनं मंजूर केलं, लोकसभेनं चार वर्षं हात लावला नाही आणि पंधराव्या लोकसभेसोबत ते संपलं. शेवटी सप्टेंबर २०२३ मध्ये घटनादुरुस्ती झाली, तीही अंमलबजावणी पुढे ढकलून. १९५२ पासून वर्ध्यानं लोकसभेत पाठवलेली एकच स्त्री आहे: १९९९ च्या प्रभा राव, पुलगावच्या माजी आमदार, पुढे हिमाचल प्रदेश आणि राजस्थानच्या राज्यपाल.

१९९९ नंतर गाडी रुळावर आली. वाजपेयींचं सरकार जवळजवळ पुरी मुदत चाललं, त्यानंतर मनमोहनसिंगांची दोन. आकडे काही फार सुधारले नव्हते. भाजपला १९९९ मध्येही १८२ च जागा होत्या, म्हणजे १९९८ इतक्याच. बदललं ते एवढंच, की मित्रपक्ष निवडणुकीआधी ठरलेले होते आणि बहुतेक जण मंत्रिमंडळात बसले होते. पडलेल्या सरकारांकडे पाहा: चंद्रशेखर, देवेगौडा, गुजराल हे तिघंही स्वतःच्या पक्षापेक्षा कितीतरी मोठ्या पक्षाच्या बाहेरच्या पाठिंब्यावर होते आणि तो पक्ष योग्य वेळेची वाट पाहत होता. आत बसलेला मित्रही सोडून जातो, अण्णाद्रमुकनं ते दाखवलं. तरी माझं मत स्पष्ट आहे. बहुमत नसणं हा रोग नव्हताच. जबाबदारी न घेता दिलेला पाठिंबा हा रोग होता.

२००४ च्या लोकसभेतही डाव्यांचा पाठिंबा बाहेरूनच होता, पण तो लेखी किमान समान कार्यक्रमावर होता. त्या कार्यक्रमातून माहितीचा अधिकार आला, रोजगार हमीचा राष्ट्रीय कायदा आला. रोजगार हमी महाराष्ट्राला सत्तरच्या दशकापासून माहीत होती, पण ती देशभर नेण्यासाठी असं सभागृह लागलं. त्या वेळी वर्ध्याचा खासदार भाजपचा होता. तरीही कापूस पिकवणाऱ्यांच्या आत्महत्यांकडे सरकारला पाठ फिरवता आली नाही. २००६ च्या जून-जुलैत मनमोहनसिंग विदर्भात आले, वर्धा जिल्ह्यातल्या वायफडला शेतकऱ्यांशी बोलले आणि अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम आणि वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींची योजना जाहीर झाली. फेब्रुवारी २००८ मध्ये देशभराची कर्जमाफी आली. तिच्यात दोन हेक्टरची अट होती. ओलिताची जमीन असणाऱ्याला ती पुरते, पण कोरडवाहू कापूस घेणाऱ्या वर्ध्याच्या शेतकऱ्याकडे पाच एकरांहून जास्त जमीन असते आणि तरी घर चालत नाही. त्याला पूर्ण माफी मिळाली नाही, पंचाहत्तर टक्के आधी भरा, मग पंचवीस टक्के सूट, असं सांगितलं गेलं. ही अट लिहिणाऱ्यांपुढे कुठल्या भागाची शेती होती, असा प्रश्न इथल्या माणसाला पडला तर तो रास्तच आहे.

त्याच वर्षी जुलैत अमेरिकेबरोबरच्या अणुकरारावरून डाव्यांनी पाठिंबा काढला आणि २२ जुलैला २७५ विरुद्ध २५६ मतांनी सरकार तरलं. त्या चर्चेत राहुल गांधींच्या भाषणातून शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यातल्या जळका गावच्या एका शेतकरी विधवेचं नाव देशाला कळलं. त्याच दिवशी सभागृहात नोटांची बंडलंही फडकली. २००८-०९ मध्येच लालूप्रसादांच्या रेल्वे खात्यानं वर्धा-यवतमाळ-नांदेड मार्ग मंजूर केला. त्याचा वर्धा ते कळंब हा पहिला टप्पा सुरू व्हायला फेब्रुवारी २०२४ उजाडलं, आणि त्या मधल्या काळात दहा वर्षं भक्कम बहुमताची होती. रेल्वे लवकर येते ती बहुमतानं, असं निदान वर्ध्यात तरी सिद्ध झालेलं नाही.

जगानं या प्रश्नावर काय शोधलं आहे? बेल्जियमला २०१०-११ मध्ये नवं सरकार बनवायला ५४१ दिवस लागले आणि काळजीवाहू मंडळींनी देश चालवला. जर्मनीनं दुसऱ्या महायुद्धानंतर घटनेतच तरतूद केली: पुढचा प्रमुख कोण हे त्याच ठरावात निवडल्याशिवाय चालू सरकार पाडता येत नाही. १९८२ मध्ये हेल्मूट कोल याच मार्गानं आले. आपल्या विधी आयोगानं मे १९९९ मध्ये, म्हणजे एका मताच्या त्या निकालानंतर लगेच, १७० व्या अहवालात हीच शिफारस केली. ती तशीच पडून आहे. यावर एक आक्षेप आहे: विरोधकांचं पर्यायावर एकमत होत नाही म्हणून अर्थसंकल्पही मंजूर करून घेऊ न शकणारं सरकार बसून राहील. आक्षेप बिनबुडाचा नाही. तरीही एप्रिल १९९९ चा विचार केला तर मला ही तरतूद हवी वाटते. साठेंच्या अध्यक्षीय पद्धतीपेक्षा ती कमी मोडतोड करते, आणि त्या पद्धतीतही प्रमुख एका पक्षाचा आणि सभागृह दुसऱ्याचं ही कोंडी होतेच.

१७ डिसेंबर २०२४ रोजी १२९ वं घटनादुरुस्ती विधेयक लोकसभेत मांडलं गेलं. मांडण्याच्या बाजूनं २६९, विरोधात १९८. लोकसभा मुदतीआधी विसर्जित झाली तर पुढची लोकसभा फक्त उरलेल्या मुदतीपुरती असेल, असं त्यात म्हटलं आहे. विधेयक संयुक्त समितीकडे गेलं. सभागृह अकाली मरण्याचं कारण त्यात हाताळलेलं नाही, मेल्यानंतरचा हिशेब तेवढा मांडला आहे. १९९८ मध्ये ही तरतूद असती, तर मेघेंच्या जागी १९९९ मध्ये निवडून आलेल्या प्रभा राव यांना पाच वर्षांच्या मुदतीऐवजी साडेतीन वर्षांचीच मिळाली असती, आणि त्या साडेतीन वर्षांतही सरकार पडणार नाही याची हमी कुणी दिली नसती.

म्हणून पुढच्या वेळी मत मागायला उमेदवार आर्वीच्या किंवा हिंगणघाटच्या चौकात उभा राहील तेव्हा त्याला रस्ता, पाणी, कापसाचा भाव विचाराच, आणि एक प्रश्न जास्तीचा विचारा. कुणालाच बहुमत मिळालं नाही तर तुमचा पक्ष कोणाला पाठिंबा देणार, कोणत्या लेखी कार्यक्रमावर देणार, आणि सरकारात बसून देणार की बाहेर राहून? जो उत्तर टाळेल, त्याला मत देण्याआधी १९९७ आणि १९९९ आठवा.